एक्केचाळीस दिवसांचा चार्ज

४ मार्च, मंगळवार

दवाखान्याच्या ऑफिसातल्या पेन्शनबाई म्हणाल्या, "काका, आठवेल ते सगळं तारखेसकट लिहून काढा, उपयोगी पडेल." म्हणून ही वही. औषध कंपनीचा माणूस दर वर्षी दवाखान्यात वाटतो तसली, प्रत्येक पानाच्या तळाशी खोकल्याच्या औषधाचं नाव असलेली. आयुष्यभर दर तासाला वहीत आकडे भरले, पण स्वतःबद्दल एक ओळ कधी लिहिली नाही. आता अठ्ठावन्नाव्या वर्षी श्रीगणेशा.

तर हकीकत अशी. मी या दवाखान्याच्या बॉयलरवर ऑपरेटर आहे. धुलाईघर, स्वयंपाकघर आणि ऑपरेशनची हत्यारं उकळतात ती खोली, तिघांना वाफ मी देतो. ३१ मेला निवृत्त होणार. इथली नोकरी भरते आठ वर्षं साडेसात महिने. पेन्शनला लागतात दहा. दहा नाहीत तर पेन्शन नाही, एकरकमी काय ते हातावर ठेवतात आणि नमस्कार.

पण त्याआधी मी सतरा वर्षं पाणीपुरवठ्याच्या पंपघरात होतो. दोन्ही नोकऱ्या एकाच सरकारच्या, म्हणून मागची सेवा पुढच्या सेवेला जोडता येते. सतरा आणि आठ पंचवीस, असा हिशेब करून मी पाय पसरून बसलो होतो. आज बाईंनी फाइल उघडली, कपाळावरचा चष्मा डोळ्यांवर घेतला आणि म्हणाल्या, "काका, मध्ये खंड आहे."

"कसला खंड?"

"तिकडून सुटलात ३१ ऑगस्टला. इकडे रुजू झालात १२ ऑक्टोबरला. एक्केचाळीस दिवस होतात. नियमात तीसपर्यंत चालतं. त्याच्या वर गेलं की मागची सेवा बाद."

"सगळी?"

"सगळी, काका."

अकरा दिवसांपायी सतरा वर्षं. बाईंनी हे काही खोचकपणे सांगितलं नाही, उलट पाण्याचा ग्लास पुढे केला. खंड नव्हता असा पुरावा असेल तर ३० एप्रिलच्या आत आणून द्या म्हणाल्या.

हिला अजून सांगितलं नाही. वही अवजारांच्या पेटीत ठेवतोय, पलंगाखाली. ही तिथं हात घालत नाही, वंगणाचा वास सोसत नाही तिला.

५ मार्च, बुधवार

त्या एक्केचाळीस दिवसांचं मला सगळं पाठ आहे.

दवाखान्याचं पत्र आलं, १ सप्टेंबरला रुजू व्हा. म्हणून मी पंपघराचा राजीनामा दिला. ३१ ऑगस्टच्या सकाळी दुसरं पत्र आलं, सही करणारे साहेब आजारी आहेत, कळवू तेव्हा या. इकडे राजीनामा मंजूर होऊन बसलेला. तेलही गेलं, तूपही गेलं.

त्याच दुपारी फाटकाशी भोंगा भेटला. भोंगा म्हणजे पंपघरातला माझा जोडीदार. पंप चालू असताना टाकीच्या पलीकडून बोलला तरी ऐकू यायचं, म्हणून भोंगा. त्या दिवशी मात्र त्याला आवाजच नव्हता. सात वर्षांची पोर तापानं दवाखान्यात होती, मेंदूला सूज. ह्याची रजा संपलेली, दोन मेमो खाल्लेले, तिसरी गैरहजेरी म्हणजे कायमचं घरी. म्हणाला, "तू काही दिवस रिकामाच आहेस ना रे?"

मी म्हटलं, "आहे की."

एवढंच बोलणं झालं. दुसऱ्या दिवसापासून दोन ते दहाच्या पाळीला मी त्याच्या जागी उभा. वहीत नाव त्याचं, सही त्याची, हात माझा. पगार त्याच्या घरी, कारण औषधं तिथं लागत होती. हिला तेव्हा सांगितलं, नवा माणूस मिळेपर्यंत मदतीला जातोय. पंपघराच्या थोरल्या साहेबांना ठाऊक होतं. ते त्या पाळीत पंपघराकडे फिरकायचेच नाहीत, पाहायला नको म्हणून. १२ ऑक्टोबरला मला दवाखान्याचं बोलावणं आलं आणि त्याच दिवशी तोही कामावर परतला. पोर वाचली. एका कानाचं ऐकू येणं गेलं, बाकी ठणठणीत.

भोंगा चार वर्षांपूर्वी गेला, नोकरीत असतानाच, छातीत कळ येऊन. तो असता तर आज माझ्यासोबत आला असता आणि ओरडून सगळं ऑफिस गोळा केलं असतं.

११ मार्च, मंगळवार

हिला सांगितलं. सगळं नाही. "मागच्या नोकरीच्या कागदांचा घोळ आहे, निस्तरेल." तिनं विचारलं, "नाही निस्तरला तर?" मी म्हटलं, "निस्तरेल गं." तेव्हापासून घरात काटकसर सुरू झालीय. चहा इतका पातळ की कपाचा तळ दिसतो. मी काही बोलत नाही. घोळ मी घातला, आता चहावरून कुठल्या तोंडानं बोलू? पण पाळीवरून आल्यावर एक कप दाट चहा मिळावा, एवढं तरी वाटतंच माणसाला.

१४ मार्च, शुक्रवार

चहा पुन्हा दाट आला. दूध चांगलं मिळालं असेल.

२० मार्च, गुरुवार

पेन्शनबाईंना खरं सांगितलं. नाव न घेता. "त्या दिवसांत मी तिथंच कामाला होतो, पण दुसऱ्याच्या नावावर."

बाईंनी पेनाचं टोपण लावलं, काढलं, पुन्हा लावलं. मग म्हणाल्या, "पाळीची वही आणि तेव्हाच्या अधिकाऱ्याचं पत्र, दोन्ही आणलंत तर खंड भरून निघेल. काम केलंत हे महत्त्वाचं."

"पगार मी घेतलेला नाही."

"तो पुढचा प्रश्न. आधी वही सापडते का बघा. नऊ वर्षं झाली, उंदरांनी तरी ठेवलीय का कोण जाणे."

वर जाताना जिने चढून दम लागला होता. बॉयलरवर दाब वाढला की झडप आपोआप उघडते आणि जादा वाफ निघून जाते. माणसाला ती सोय नाही. आज घरी आल्यावर उगाच हिच्यावर खेकसलो, रुमाल कुठं आहे म्हणून. रुमाल खिशात होता.

२ एप्रिल, बुधवार

रजा टाकून पंपघरात गेलो. दोन बस बदलून. फाटक तेच, रंग नवा. आत आता बटणांची पेटी आहे, पंप आपोआप चालू होतात, आपोआप बंद होतात. ऑपरेटर खुर्चीत बसून मोबाइल बघत होता. त्यानं कोठीची किल्ली दिली आणि म्हणाला, "शोधा काका, पण खोकला होईल."

वह्या होत्या. वर्षावार दोरीनं बांधलेल्या. दुपारपर्यंत शिंकत शोधलं आणि सापडली.

पाळीच्या वहीची पद्धत अशी. दर तासाला टाकीची पातळी, पाण्याचा दाब आणि मोटरचा अँपियर लिहायचा, पुढे आपलं नाव. पाळी संपली की जाणाऱ्यानं लिहायचं, "चार्ज दिला." त्याच्या खाली येणाऱ्यानं लिहायचं, "घेतला." ती खालची ओळ पडेपर्यंत जागा सोडायची नाही, मग घरी कुणी का मरेना. एकदा माझा बदली माणूस आलाच नाही, तर मी सलग सोळा तास उभा होतो. घरी गेलो तेव्हा हिनं दारातच विचारलं, "कोण आपण?"

भोंग्याच्या नावाखाली माझं अक्षर बघून हसू आलं. एक गोष्ट तेव्हा डोक्यात आली नव्हती. शेऱ्याचा रकाना भोंगा कधी भरायचा नाही. सबंध वर्षात त्याची एक तक्रार नाही, जणू त्याच्यापुढे पंपसुद्धा शहाण्यासारखे वागायचे. मला मात्र लिहिल्याशिवाय राहवत नाही. "दोन नंबर कुरकुरतो." "एक नंबरच्या पॅकिंगमधून पाण्याचा थेंब." १ सप्टेंबर ते ११ ऑक्टोबर, भोंग्याच्या नावाखाली रोज शेरे. आंधळ्यालाही कळेल हा माणूस दुसरा आहे. एवढी लबाडी केली आणि तीसुद्धा धड जमली नाही आम्हाला.

एक्केचाळीस पानांच्या झेरॉक्स काढून आणल्या.

६ एप्रिल, रविवार

थोरल्या साहेबांकडे गेलो. आता सत्तरीला आलेत, थकलेत, ऐकायला कमी येतं, पण झेरॉक्स बघितल्याबरोबर म्हणाले, "हे तुझं कुरकुरणं."

सगळं सांगितलं. त्यांनी स्वतःच्या हातानं पत्र लिहिलं. नावं घालून, तारखा घालून. 'सदर कालावधीत अमुक हा गैरहजर होता व त्याच्या जागी तमुक याने प्रत्यक्ष काम केले, हे मला माहीत होते.' सही करताना म्हणाले, "मला आता कोण काय करणार? माझी चौकशी लावतील तोवर मी वर गेलेलो असेन." मग पेन ठेवत म्हणाले, "त्याची बायको कशी आहे रे?"

मी म्हटलं, "बरी असावी."

पत्राचं पाकीट या वहीत घालून ठेवलंय. लगेच हिला सांगावंसं वाटलं होतं, पण म्हटलं, बाईंना दाखवू आणि मगच सांगू. उतावळेपणा नको.

८ एप्रिल, मंगळवार

दाखवलं. बाईंनी पत्र दोनदा वाचलं.

"काका, काम झालं तुमचं. हे लावलं की पास होतं." मग उठून दार लोटलं आणि परत येऊन बसल्या. "पण ह्यातला हा गैरहजर माणूस कुठंय?"

"गेला."

"घरी कोणाला पेन्शन आहे?"

"बायकोला. मुलगी शिकतेय."

बाईंनी चष्मा कपाळावर ढकलला. "हा कागद तुमच्या फाइलला लागला की तो एकट्या तुमच्या फाइलला लागत नाही. त्याची एक प्रत पाणीपुरवठ्याला जाते. एक्केचाळीस दिवस खोटी हजेरी, तीही दोन मेमो झाल्यावर. ते लोक जुनी फाइल उघडतील. मेलेल्या माणसाला बडतर्फ करता येतं का ते मला माहीत नाही. पण त्याच्या बायकोची पेन्शन थांबवता येते, चौकशी संपेपर्यंत. आणि चौकशी कधी संपते ते तुम्ही बघताच आहात."

मी विचारलं, "तुम्ही काय कराल माझ्या जागी?"

"मी तुमच्या जागी नाही, काका. मी फक्त खिडकीत बसते."

खरं बोलल्या. राग आला नाही, थकवा आला.

१५ एप्रिल, मंगळवार

आज भोंग्याच्या घरी गेलो. सहज चौकशीला म्हणून. सहज कसलं, विचारायला गेलो होतो.

दोन खोल्या. एका भिंतीवर त्याचा फोटो, तोंड बंद असलेला, त्यामुळे ओळखू येत नाही. मुलगी सोळा वर्षांची झाली. बोलताना मान जराशी वळवून चांगला कान पुढे करते. टेबलावर पुस्तकांची चळत. वहिनींनी पाणी दिलं आणि आपणहून विषय काढला, म्हणजे मला काही बोलायला जागाच ठेवली नाही.

"भाऊजी, तुम्ही आलात की पंपघर आठवतं. तिथले लोक चांगले हो. हिच्या आजारपणात ह्यांना भरपगारी रजा दिली थोरल्या साहेबांनी. चाळीस-एक दिवस. लग्न झाल्यापासून हा माणूस तेवढे दिवस सलग आमच्याजवळ कधी नव्हता."

मी म्हटलं, "रजा?"

"हो ना. नियमात नसताना दिली म्हणे. मी अजून साहेबांचं नाव काढते."

पोरगी म्हणाली, "बाबा मला तिथं गोष्टी सांगायचे. इतक्या मोठ्यानं की शेजारच्या खाटेवरचे लोक म्हणायचे, पुढे काय झालं ते आम्हालाही सांगा."

दोघी हसल्या. मीपण हसलो. विचारायचं ते राहून गेलं. वहिनी म्हणाल्या, "आता हिचं शिक्षण झालं की सुटले. तोवर ह्यांची पेन्शन पुरतेय." उठता उठता मी म्हटलं, "काही लागलं तर सांगा." द्यायला काय आहे माझ्याकडे, पण तोंडाला सवय.

येताना बसमध्ये भोंग्याचा मनस्वी राग आला. लेका, बायकोला रजा सांगितलीस? साहेबांनी दिली म्हणून? मला वाईट वाटलं, खोटं कशाला लिहू. माझे एक्केचाळीस दिवस कुठल्याच कागदावर नाहीत, निदान त्या घरात तरी असतील असं मी धरून चाललो होतो. आज कळलं, तिथंही नाहीत.

१७ एप्रिल, गुरुवार

ताट वाढताना हिच्या हाताला वंगणाचा वास आला. विचारलं तर म्हणाली, "शिलाई मशीनला तेल घातलं." ते मशीन पंधरा वर्षं चादरीखाली झाकून ठेवलंय. म्हातारपणी कोणाला काय सुचेल.

आणखी एक. दोन दिवस ही माझ्याशी फार सांभाळून बोलतेय. आजारी माणसाशी बोलतात तसं. माझं तोंड उतरलेलं दिसत असणार.

२७ एप्रिल, रविवार

दहा दिवस काही लिहिलं नाही. लिहायला होतं काय? तेच तेच दळण.

दिवसा एक ठरवतो, जेवताना दुसरं. सतरा वर्षं मी पहाटेच्या पाळ्या केल्या. गुडघाभर पाण्यात उभं राहून झडपा बदलल्या. एका उन्हाळ्यात टाकी फुटली तेव्हा तीन दिवस तिथंच राहिलो. ते सगळं माझं आहे, कुणाचं चोरलेलं नाही. मी माझंच मागतोय. आणि हिचं काय? जन्मभर डबे भरून दिले, कधी एक चांगली साडी मागितली नाही. मी आधी गेलो तर हिच्या हातात काय? भोंग्याच्या बायकोला पेन्शन आणि माझ्या बायकोला भोपळा? ज्यानं काम केलं त्याची बायको उपाशी आणि ज्यानं सुट्टी घेतली त्याची खुशाल, हा कुठला न्याय?

वहिनींची चौकशी होईल तेव्हा होईल. थांबेल सहा महिने, वर्ष. लोक मदत करतील. मी करीन. पेन्शनमधून थोडे त्यांना देईन, दर महिन्याला.

हे लिहिताना बरं वाटलं.

२९ एप्रिल, मंगळवार

ठरलं. उद्या देणार. झालं गेलं गंगेला मिळालं.

३० एप्रिल, बुधवार

सकाळी वहीतून पाकीट काढलं तर ते प्लास्टिकच्या स्वच्छ पिशवीत घातलेलं, वर रबर लावलेलं. मीच घातलं असेन, हल्ली लक्षात राहत नाही. बरंच झालं, डब्यातलं तेल सांडलं असतं तर सगळं मुसळ केरात. निघताना ही दाराशी आली. "जे काही करायचं ते जेवून करा," म्हणाली. "उपाशीपोटी काही ठरवू नका." मी म्हटलं, "काय ठरवायचंय? पाळीवर तर चाललोय."

जेवून वर गेलो, तीनच्या सुमारास. बाईंनी छापील नमुना दिला. माझं नाव, पद, रुजू झाल्याची तारीख. भरभर भरलं. मधल्या रकान्यात छापलेलं होतं, 'सदर कालावधीत गैरहजर असलेल्या कर्मचाऱ्याचे नाव.'

पेन टेकवलं आणि हात थांबला.

एक्केचाळीस दिवस, रोज आठ वेळा, मी त्याचं नाव हजर म्हणून लिहिलं होतं. दुसऱ्याच्या जागी उभं राहायचं म्हणजे तो हजर आहे, हीच तर आमची रीत. कुणाचा बाप मेला, कुणाची बायको अडली, कुणी नुसता दारू पिऊन पडला, वहीत सगळे हजर. माझ्या मेहुणीच्या लग्नाच्या दिवशी मीसुद्धा हजर होतो, भोंग्याच्या अक्षरात. सतरा वर्षांत कुणीही कुणाला गैरहजर लिहिलं नाही. मग आता मी लिहू? तेही तो उत्तर द्यायला नसताना?

बाई म्हणाल्या, "काका, दिसत नाही का? नाव सांगा, मी लिहिते."

"राहू द्या, बाई."

"पाचला खिडकी बंद होते."

"माहीत आहे."

खाली येऊन बॉयलरपुढे बसलो. दाब बघितला, पाण्याची काच बघितली, धुलाईघराची झडप उघडली. पाच वाजले ते घड्याळात बघितले नाहीत, वरच्या मजल्यावरून खुर्च्या सरकवल्याचे आवाज आले त्यावरून कळलं. मोठं काही केलं असं मुळीच वाटत नाही.

हिला सांगितलं, "जुने कागद चालत नाहीत म्हणाले. पेन्शन नाही मिळायची."

मला वाटलं होतं रडेल, निदान दोन शब्द ऐकवेल. मी ऐकून घ्यायची तयारी करून आलो होतो. ती म्हणाली, "बरं. हातपाय धुऊन घ्या."

तीस वर्षं संसार केला, पण ही बाई मला कळली नाही. लग्न झाल्यापासून पहिल्यांदा हिच्याशी एवढं मोठं खोटं बोललो आणि ते एका झटक्यात खपलं. माझीच मला लाज वाटली.

३ मे, शनिवार

शिलाई मशीनवरची चादर काढून ते खिडकीत आणलंय. मला ढकलायला लावलं. "आता हे कशाला?" विचारलं तर म्हणाली, "हात शिवशिवतात." शेजारच्या शाळेचे गणवेश शिवायला आणणार म्हणे. डोळे अधू, मान दुखते, आणि हौस बघा. मी म्हटलं, "झेपेल तेवढंच घे." ती म्हणाली, "तुम्ही आता घरी असणारच. बटणं तुम्ही लावा."

१२ मे, सोमवार

घरभर कापडाचे तुकडे आणि निळ्या खडूची भुकटी. चहाच्या कपावरसुद्धा निळी बोटं. आज तीन ड्रेस जास्त शिवलेले दिसले, गणवेशाचे नाहीत, चांगल्या कापडाचे. म्हणाली, भोंगाभाऊजींच्या लेकीला देणार. "कॉलेजात जाईल, चार कपडे हवेत पोरीला."

मी चकित. चार वर्षांत तिकडे फिरकली नाही, आणि आत्ता, घरात आणीबाणी असताना, हिला तीच पोर आठवावी? म्हटलं, "कापड फुकट आलं का?" तर माझ्याकडे बघून नुसती हसली. माझ्या जखमेवर नेमकं मीठ चोळलं, आणि तेही नकळत.

१५ मे, गुरुवार

आज ड्रेस देऊन आली. पोरीला नीट बसले म्हणे. वहिनींनी मला नमस्कार सांगितलाय.

३१ मे, शनिवार

शेवटचा दिवस. सकाळची पाळी घेतली, सहा ते दोन. बॉयलर पेटवला, पाणी सोडलं, हत्यारांच्या खोलीला पहिली वाफ दिली. धुलाईघरातल्या बायकांनी दुपारी चादरींच्या ढिगावर उभं राहून टाळ्या वाजवल्या. अधीक्षकांनी शाल दिली आणि भाषणात म्हणाले, "यांची आठ वर्षांची प्रदीर्घ सेवा." मागून पेन्शनबाई मोठ्यानं म्हणाल्या, "पंचवीस." अधीक्षक गोंधळले, त्यांना वाटलं कागद चुकला. बाईंनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. मला मात्र त्यानंतरचं भाषण ऐकू आलं नाही.

दोनला बदलीचा माणूस आला. मी लिहिलं, "चार्ज दिला." त्यानं लिहिलं, "घेतला." पेन खिशात घातलं आणि निघालो. फाटकापर्यंत दोनदा मागं वळून धुराड्याकडे बघितलं, धूर ठीक येतोय का म्हणून.

घरी आलो. ही मशीनवर होती. मी पलंगावर बसून राहिलो. चार वाजले, पाच वाजले. तासातासाला उठून आकडे बघायला जावंसं वाटतं आणि बघायला काही नाही. उद्यापासून सकाळी कुठं जायचं? काय सांगायचं हिला? पेन्शन नाही, काम नाही आणि वर एक खोटं छातीवर घेऊन बसलोय. मी थकलोय. पंचवीस वर्षं दुसऱ्यांच्या घरात पाणी आणि वाफ पोचवली, आता माझ्याच्यानं काही पोचवणं होणार नाही.

वही संपवतो. दुसरं काही सुचत नाही, म्हणून सवयीनं लिहितो.

चार्ज दिला.

१ जून, रविवार

वही आता कायमची माळ्यावर टाकावी म्हणून सकाळी पेटीतून काढली. कालच्या शेवटच्या ओळीखाली, जरा तिरकं, निळ्या खडूनं लिहिलंय.

घेतला.

वही मांडीवर घेऊन बसलो. मग मागची पानं उलटली. ३० एप्रिलच्या पानावर, जिथं मी खोटं बोलल्याचं लिहिलंय तिथं, निळं बोट उमटलेलं. १५ एप्रिलच्या पानावरही, भोंग्याच्या घराच्या मजकुराजवळ, आणि ते दोनदा, म्हणजे मागाहून पुन्हा काढून वाचलेलं. ११ मार्चच्या पानावर काही नाही. तेव्हा खडू नव्हता. पण तेव्हाच्या चहाचं मला आठवलं.

बाहेर आलो. ही दोऱ्याचं टोक दातानं तोडून सुईत ओवत होती. मी दारातच उभा राहिलो. शेवटी तीच बोलली, वर न बघता.

"चहा ठेवते. पातळ हवा की दाट?"